आल्वा मिर्डाल : घर, नोकरी आणि राज्यसंस्था

स्वीडनमधील एस्किल्स्तुना हे सुऱ्या-कात्र्यांच्या आणि पोलादी कामाच्या कारखान्यांचे गाव. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात तेथे मुलांसाठी सरकारी उच्च माध्यमिक शाळा होती. मुलींना मात्र तिच्यात प्रवेश नव्हता. जी परीक्षा उत्तीर्ण झाल्यावाचून विद्यापीठाचे दार उघडत नसे, तिची तयारी मुलींनी कोठे करावी, याचे उत्तर त्या गावापाशी नव्हते. आल्वा रायमर या मुलीने व्यापारी शिक्षणाचा छोटा अभ्यासक्रम पुरा केला आणि पंधराव्या-सोळाव्या वर्षी ती गावच्या करकचेरीत कारकुनी करू लागली. पुढच्या शिक्षणासाठी पगारातून पैसे साठवायचे, एवढाच तिचा हेतू होता.

३१ जानेवारी १९०२ रोजी उप्साला येथे जन्मलेली आल्वा पाच भावंडांत थोरली. वडील आल्बर्ट इमारतींची कंत्राटे घेत. ते समाजवादी विचारांचे होते आणि सहकारी चळवळीवर त्यांची निष्ठा होती. आईच्या माहेरी क्षयाने माणसे गेली होती. त्या धास्तीने ती मुलांना जवळ घेण्यासही कचरे आणि जंतूंच्या भीतीने वाचनालयातली पुस्तके घरात येऊ देत नसे. अशा घरातली ही मुलगी शिकायचे म्हणून हट्ट धरून बसली. अखेर वडिलांनी खटपट केली आणि मोजक्या मुलींसाठी, मुलांच्याच शाळेतील शिक्षकांकडून, खाजगी वर्ग सुरू झाले. फी अर्थात मुलींनी भरायची. १९२२ मध्ये आल्वा ती परीक्षा उत्तीर्ण झाली. सरकारी उच्च शाळा मुलींना खुल्या करण्याचा निर्णय स्वीडनने घेतला तो १९२७ मध्ये. हा तपशील आपल्या निवासी शाळेच्या वाचकांसाठी मी मुद्दाम विस्ताराने देतो आहे. ज्या देशाकडे आज स्त्री-पुरुष समतेचा नमुना म्हणून बोट दाखवले जाते, तेथेही शंभर वर्षांपूर्वी मुलीच्या शिक्षणासाठी बापाला दारोदार जावे लागत होते आणि मुलीला आधी नोकरी करावी लागत होती.

१९१९ च्या उन्हाळ्यात सायकलवरून भटकंती करणारे तीन विद्यार्थी रायमर कुटुंबाच्या शेतावर, गवताच्या माळ्यावर मुक्कामाला उतरले. त्यांतला एक गुन्नार मिर्डाल. १९२४ मध्ये आल्वाने स्टॉकहोममध्ये पदवी घेतली आणि त्याच वर्षी दोघांचा विवाह झाला. पुढे गुन्नार मिर्डाल जगप्रसिद्ध अर्थशास्त्रज्ञ झाले. भारताच्या गरिबीवर लिहिणारे विद्वान म्हणून आपल्याकडे त्यांचे नाव माहीत असते. आल्वाबाईंचे नाव बहुधा त्यांच्या पाठोपाठच येते. हा क्रम उलटा करून पाहण्यासारखा आहे.

१९२७ मध्ये पहिला मुलगा यान जन्मला. दोन वर्षांनी पती-पत्नी दोघांनाही अमेरिकेत अभ्यासासाठी रॉकफेलर शिष्यवृत्ती मिळाली. दोन वर्षांच्या यानला त्यांनी गुन्नारच्या आईवडिलांकडे ठेवले आणि ते गेले. ते अमेरिकेत असतानाच ऑक्टोबर १९२९ मध्ये न्यूयॉर्कचा शेअरबाजार कोसळला आणि जगभर बेकारीची लाट आली.

त्या लाटेत सर्वांत आधी नोकरी गेली ती विवाहित स्त्रीची. पुरुष घरी बसलेले असताना, नवरा कमावता असलेल्या बाईने पगार का घ्यावा, हा प्रश्न तेव्हा जवळपास प्रत्येक देशात विचारला जात होता. अमेरिकेत १९३२ च्या एका कायद्याने, पती-पत्नी दोघेही केंद्र सरकारच्या सेवेत असल्यास कपातीच्या वेळी अशांपैकी एकाला आधी कमी करण्याची तरतूद झाली. घरी गेल्या त्या मुख्यतः स्त्रियाच. ब्रिटनमध्ये शिक्षिकेने आणि सरकारी नोकरीतील स्त्रीने लग्न करताच राजीनामा द्यायचा, असा रिवाज दुसऱ्या महायुद्धापर्यंत टिकला. जर्मनीत हिटलरने १९३३ मध्ये नवविवाहितांसाठी बिनव्याजी कर्ज सुरू केले. अट अशी की पत्नीने नोकरी सोडली पाहिजे. प्रत्येक मुलामागे कर्जाचा चौथा हिस्सा माफ. पाळण्यासाठी पगार सोडा, असा तो सरळ सौदा होता.

स्वीडनच्या संसदेतही विवाहित स्त्रियांच्या नोकरीवर बंधने घालावीत, असे प्रस्ताव येत होते. आणि स्वीडनला आणखी एका भीतीने ग्रासले होते : जन्मदर. तो जगातील नीचांकी दरांपैकी एक झाला होता. परंपरावादी लोक म्हणत, बायका कामाला जातात म्हणून मुले होत नाहीत. त्यांना घरी बसवा. डाव्या चळवळीतले अनेकजण म्हणत, गरिबाच्या घरी मुले कमी झाली तर वाईट काय? या कोंडीत १९३४ च्या अखेरीस आल्वा आणि गुन्नार मिर्डाल यांचे लोकसंख्येच्या पेचप्रसंगावरील पुस्तक प्रसिद्ध झाले आणि देशात खळबळ उडाली. लोकांनी त्यांच्या आडनावावरून चहाटळ विनोद केले, मोठ्या कुटुंबांसाठी बांधलेल्या चाळींना त्यांचे नाव दिले. पण पुस्तक घरोघर पोहोचले.

आल्वाबाईंचे सर्वांत मोठे वैचारिक कार्य मला या ठिकाणी दिसते. विवाहित स्त्रीला नोकरी करू द्यावी काय, हा तोवरचा प्रश्न होता. त्यांनी तोच प्रश्न फिरवला. स्त्रिया काम करतातच. शेतात, कारखान्यात, कचेरीत त्या आहेतच. मग काम करणाऱ्या स्त्रीला लग्न करण्याचा आणि मूल होऊ देण्याचा हक्क आहे की नाही, हे सांगा. मूल झाले म्हणून तिची भाकरी जात असेल, तर मूल न होऊ देण्याचा दोष तिच्याकडे कसा जातो? मुले हवी असतील तर त्यांचा खर्च आईच्या एकटीच्या माथी मारून चालणार नाही. जे राष्ट्र मुले मागते त्याने घरभाडे, दूध, औषध, पाळणाघर आणि शाळेतले जेवण यांचा वाटा उचलला पाहिजे. शिवाय मूल हवेसे असले पाहिजे, म्हणून संततिनियमनाचे ज्ञान सर्वांना मिळाले पाहिजे. जन्मदर वाढवण्यासाठी लिहिलेल्या पुस्तकात संततिनियमनाचा पुरस्कार होता, हे वाचून अनेकजण चक्रावले.

१९३५ मध्ये सरकारने लोकसंख्या आयोग नेमला. सदस्य म्हणून नेमणूक झाली ती गुन्नार यांची. आल्वाबाईंच्या वाट्याला स्त्रियांच्या नोकरीविषयीच्या समितीचे सचिवपद आले. त्या समितीच्या अध्यक्षा होत्या केर्स्टिन हेसेलग्रेन, स्वीडनच्या संसदेत निवडून गेलेल्या पहिल्या पाच स्त्रियांपैकी एक. समितीने आकडे गोळा केले आणि दाखवून दिले की स्त्रिया आणि पुरुष बहुधा एकाच प्रकारच्या नोकऱ्यांसाठी स्पर्धाच करत नाहीत. बाईला घरी पाठवल्याने बेकार पुरुषाच्या हाताला काम मिळेल हा समज पोकळ आहे. बंदीचे प्रस्ताव बारगळले. १९३९ मध्ये त्याच्या नेमका उलट कायदा झाला : साखरपुडा, विवाह, गरोदरपण किंवा बाळंतपण या कारणांवरून स्त्रीला कामावरून काढता येणार नाही. युरोपातील इतर देश स्त्रीला घरात ढकलत असतानाचा हा कायदा आहे. त्याच्या अलीकडच्या चार वर्षांत मोठ्या कुटुंबांच्या घरांसाठी कर्जे, बहुसंख्य मातांना प्रसूतिसाहाय्य, गरोदर स्त्रिया व अर्भके यांच्यासाठी मोफत तपासणी केंद्रे या गोष्टी आल्या. संततिनियमनाच्या प्रसारावरील १९१० ची बंदी १९३८ मध्ये उठली.

मदत कशी द्यावी, यावर मात्र सत्ताधारी पक्षातच वाद होता. मिर्डाल दाम्पत्याचे मत असे की पैशापेक्षा वस्तू आणि सेवा द्याव्यात, आणि त्या सर्वांनाच द्याव्यात. शाळेत फक्त गरिबाच्या मुलाला जेवण दिले तर ते जेवण त्याच्या गरिबीचा बिल्ला होते. सगळी मुले एका पंगतीला बसली तर तो बिल्ला गळून पडतो. ज्या समाजाने पंगतीतला भेद भोगला आहे त्याला हा मुद्दा समजावून सांगावा लागत नाही. समाजकल्याण मंत्री गुस्ताव मोलर यांचा कल मात्र रोख रकमेकडे होता. घर कसे चालवायचे हे आईला कळते, सरकारने तिला शिकवू नये, अशी त्यांची धारणा. लोकसंख्येच्या भीतीचा उपयोग करून सुधारणा पदरात पाडून घ्याव्यात, हेही ते उघडपणे मानत. अखेर दोघांचेही थोडे थोडे झाले. १९४६ मध्ये शाळांतील मोफत भोजनासाठी सरकारी अनुदानाचा निर्णय झाला आणि १९४८ पासून प्रत्येक मुलामागे वर्षाला २६० क्रोनर इतका बालभत्ता, उत्पन्नाची कोणतीही चौकशी न करता, आईच्या हाती पडू लागला.

आल्वाबाईंची नजर स्वयंपाकघरापर्यंत गेली होती. एका इमारतीत वीस कुटुंबे राहतात आणि वीस बायका वीस चुलींवर तेच बटाटे उकडतात, यात त्यांना श्रमाचा निव्वळ अपव्यय दिसे. वास्तुशिल्पी स्वेन मार्केलियस यांच्यासह त्यांनी सामूहिक निवासाची कल्पना मांडली आणि १९३५ मध्ये स्टॉकहोमच्या कुंग्सहोल्मेन भागात तशी इमारत उभीही राहिली : तळमजल्यावर भोजनगृह आणि बालवाडी, वरच्या बिऱ्हाडांत जेवण पोहोचवणारे छोटे पाळणे. कामगारांपेक्षा सुशिक्षित मध्यमवर्गीयच तेथे राहायला आले. स्वतः मिर्डाल कुटुंबाने त्याच मार्केलियसकडून उपनगरात स्वतंत्र बंगला बांधून घेतला, ही गोष्ट त्यांच्या टीकाकारांनी पुढे बरीच चघळली. पण बालवाडीच्या बाबतीत त्यांनी शब्दांवर भागवले नाही. १९३६ मध्ये त्यांनी बालवाडी-शिक्षिकांसाठी प्रशिक्षण संस्था काढली आणि १९४८ पर्यंत ती चालवली. पाळणाघर ही गरीब आईवर केलेली मेहेरबानी नसून मुलाच्या वाढीची जागा आहे, हा विचार त्या संस्थेतून पसरला.

आता त्या चरित्राच्या काळ्या पानाकडे. १९३४ मध्येच स्वीडनने निर्बीजीकरणाचा कायदा केला. मानसिकदृष्ट्या अक्षम ठरवलेल्या माणसांचे निर्बीजीकरण त्यांच्या संमतीवाचून करण्याची त्यात मुभा होती. १९४१ मध्ये त्याची व्याप्ती वाढली. मिर्डाल दाम्पत्याच्या पुस्तकात या उपायाचे समर्थन आहे. कायदा १९७० च्या दशकाच्या मध्यापर्यंत चालला आणि त्याखाली सुमारे ६३,००० माणसांवर शस्त्रक्रिया झाल्या. त्यांत नव्वद टक्क्यांहून अधिक स्त्रिया होत्या. सगळ्याच सक्तीच्या नव्हत्या. पण कित्येक गरीब, एकट्या, 'बेशिस्त' ठरवलेल्या बायकांकडून गर्भपाताची किंवा संस्थेतून सुटकेची किंमत म्हणून सह्या घेतल्या गेल्या. १९९९ मध्ये स्वीडनने कायदा करून अशा बळींना प्रत्येकी १,७५,००० क्रोनर भरपाई दिली. आल्वाबाई तेव्हा हयात नव्हत्या.

त्या काळी युरोप-अमेरिकेतील अनेक पुरोगामी विद्वान असाच विचार करत, हे खरे आहे. तरी तेवढ्यावर हे पान उलटून पुढे जाणे मला, जातिव्यवस्थेने कोण जन्मतः उच्च आणि कोण हीन हे ठरवले त्या देशातील इतिहासाच्या शिक्षकाला, जमत नाही. राष्ट्राला मुले हवीत म्हणून आईला मदत करा, असा युक्तिवाद एकदा केला की राष्ट्राला कोणाची मुले नकोत, हा प्रश्न त्याच्या पाठोपाठ येतो. १९२८ मध्ये मुंबई विधिमंडळात प्रसूतिसाहाय्याच्या विधेयकाला पाठिंबा देताना बाबासाहेबांनीही राष्ट्रहिताचा आधार घेतला होता आणि हा भार मोठ्या प्रमाणात सरकारने उचलावा असे म्हटले होते. त्यातून १९२९ चा मुंबई प्रसूतिलाभ कायदा झाला. परंतु गिरणीतल्या कोणत्या बाईचे मूल जन्माला यावे आणि कोणत्या बाईचे येऊ नये, अशी वर्गवारी त्या मागणीत नव्हती. हा फरक लहान नाही.

१९३८ मध्ये अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या स्थितीचा अभ्यास गुन्नार यांच्याकडे सोपवला गेला आणि कुटुंब पुन्हा तिकडे गेले. तेथेच आल्वाबाईंनी स्वीडनच्या कुटुंबधोरणावरील आपले इंग्रजी पुस्तक तयार केले. ते १९४१ मध्ये निघाले. तोवर सिसेला आणि काई या दोन मुली झाल्या होत्या. युद्धकाळात मुले स्वीडनमध्ये आणि आईवडील अमेरिकेत, असेही एक वर्ष गेले.

युद्धानंतर संयुक्त राष्ट्रसंघात मोठे पद स्वीकारण्याविषयी आल्वाबाईंना विचारणा झाली. त्याच सुमारास गुन्नार यांना जिनीव्हात पद मिळाले आणि त्या नवऱ्याबरोबर जिनीव्हाला गेल्या. देशोदेशींच्या बायकांना दोन भूमिका कशा सांभाळाव्यात हे सांगणाऱ्या विदुषीची स्वतःची गत ही होती. १९४९ मध्ये मात्र, वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी, त्या एकट्या न्यूयॉर्कला गेल्या आणि संयुक्त राष्ट्रसंघाच्या समाजकार्य विभागाच्या प्रमुख झाल्या. त्या संस्थेत एवढ्या वरच्या जागी तोवर कोणी स्त्री पोहोचली नव्हती. पुढे पॅरिसला युनेस्कोच्या समाजशास्त्र विभागाचे प्रमुखपद त्यांच्याकडे आले.

व्हिओला क्लाइन यांच्यासह लिहिलेले स्त्रीच्या घरातील व कामावरील दोन भूमिकांविषयीचे पुस्तक १९५६ मध्ये प्रसिद्ध झाले. क्लाइन मूळच्या व्हिएन्नाच्या ज्यू विदुषी. नाझींच्या तावडीतून निसटून त्या ब्रिटनला आल्या आणि सुरुवातीला त्यांना लोकांच्या घरी घरकाम करावे लागले. ब्रिटन, फ्रान्स, स्वीडन आणि अमेरिका या चार देशांची माहिती समोर ठेवून दोघींनी मांडणी केली. आयुर्मान वाढले आहे आणि मुलांची संख्या घटली आहे; तेव्हा चाळिशीपर्यंत मुले हाताशी आली की स्त्रीसमोर पंचवीस-तीस वर्षांचे कर्ते आयुष्य उरते. शिक्षण, मग मुलांचे संगोपन, मग पुन्हा नोकरी असे तीन टप्पे धरावेत आणि त्यासाठी दीर्घ प्रसूतिरजा, पुन्हा प्रशिक्षणाची सोय, कमी कामाचे तास यांची व्यवस्था व्हावी. पुस्तक गाजले, पण पुढच्या पिढीतल्या स्त्रियांना त्यातली उणीव लगेच दिसली. बाईने दोन भूमिका कराव्यात आणि पुरुषाने एकच, हे का? आल्वाबाईंनी हा आक्षेप मानला. स्त्री-पुरुषांच्या बदलत्या भूमिकांवरील १९६२ च्या एका ग्रंथाला प्रस्तावना लिहिताना त्यांनी पुरुषाच्याही दोन भूमिकांचा मुद्दा उचलून धरला.

ते पुस्तक निघाले तेव्हा त्या दिल्लीत होत्या. १९५५ मध्ये स्वीडनने त्यांना भारतात आपला राजदूत म्हणून पाठवले. ब्रह्मदेश आणि सिलोनही त्यांच्याकडेच होते. १९६१ पर्यंत त्या येथे राहिल्या. पंडित नेहरूंशी त्यांचा स्नेह जमला. गुन्नार त्यांच्यामागून आले आणि आशियाई दारिद्र्यावरील त्यांच्या प्रचंड ग्रंथाची जुळवाजुळव येथेच सुरू झाली. या खेपेस पत्नीच्या नोकरीमागे पती आला होता, याची नोंद घ्यावी. तो काळ आपल्या दृष्टीने मोठ्या घडामोडींचा. बाबासाहेबांनी ज्या हिंदू संहिता विधेयकासाठी मंत्रिपद सोडले होते, ते तुकड्यातुकड्याने कायद्यात येत होते. १९५६ च्या ऑक्टोबरात नागपूरला धम्मदीक्षा झाली आणि डिसेंबरात त्याच दिल्लीत, अलीपूर रोडवरील घरी, बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. आणखी एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. स्वीडनची विवाहित, तीन मुलांची आई असलेली स्त्री दिल्लीत राजदूत होती त्या काळात भारताच्या परराष्ट्र सेवेतील स्त्रियांना विवाह केल्यास नोकरीवर पाणी सोडण्याची तयारी ठेवावी लागे. सी. बी. मुथम्मा यांनी या भेदाला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले. न्यायालयाने सरकारला खडसावले ते १९७९ मध्ये, म्हणजे स्वीडनच्या १९३९ च्या कायद्यानंतर चाळीस वर्षांनी.

स्वीडनला परतल्यावर आल्वाबाई संसदेत गेल्या आणि जिनीव्हातील निःशस्त्रीकरण परिषदेत १९६२ ते १९७३ अशी अकरा वर्षे त्यांनी देशाचे नेतृत्व केले. १९६७ पासून त्या मंत्रीही होत्या. अण्वस्त्रांविरुद्धच्या या कामासाठी १९८२ चे शांततेचे नोबेल पारितोषिक त्यांना मेक्सिकोच्या आल्फोन्सो गार्सिया रोब्लेस यांच्यासह मिळाले. आठ वर्षांपूर्वी अर्थशास्त्राचे पारितोषिक गुन्नार यांना मिळालेच होते. पण आपल्या विषयाच्या दृष्टीने या काळातील महत्त्वाचे काम वेगळे आहे. समतेच्या प्रश्नावर सत्ताधारी पक्षाने नेमलेल्या कार्यगटाच्या त्या अध्यक्षा होत्या आणि १९६९ मध्ये त्यांचा अहवाल आला. १९७१ पासून स्वीडनमध्ये पती-पत्नीच्या पगारावर स्वतंत्रपणे प्राप्तिकर आकारला जाऊ लागला. तोवर पत्नीची कमाई पतीच्या उत्पन्नात मिळवली जाई, त्यामुळे तिच्या पगारावर चढ्या दराने कर बसे आणि कामाला जाऊन हाती उरते काय, असे घरात विचारले जाई. १९७४ मध्ये प्रसूतिविम्याऐवजी पालकत्व विमा आला : मूल झाल्यावर सहा महिने, पगाराच्या नव्वद टक्के रकमेसह, आई किंवा बाप कोणीही घरी राहावे. प्रारंभी ती रजा घेणारे बाप अगदी थोडे होते.

त्यांच्या स्वतःच्या घराचा हिशेब मात्र जुळला नाही. दोन वर्षांचा असताना आजी-आजोबांकडे ठेवलेला यान पुढे नामवंत, बंडखोर लेखक झाला. भारतावरही त्याने लिहिले. आईवडिलांशी त्याने संबंध तोडले होते. १९८२ मध्ये, आईला नोबेल मिळाले त्याच वर्षी, त्याचे बालपणावरील पुस्तक आले. मुलांच्या संगोपनावर देशाला धडे देणारी आई आपल्याच मुलाकडे अभ्यासाचा विषय म्हणून पाहत होती, असा त्याचा आरोप होता. वृत्तपत्रांनी तो चवीने छापला. अपत्याला मागे ठेवून अमेरिकेला जाणारा बाप त्या चर्चेत आईइतका दोषी ठरला नाही, हे मला लक्षणीय वाटते. यानचे दुःख त्यामुळे खोटे ठरत नाही, हेही तितकेच खरे.

१ फेब्रुवारी १९८६ रोजी, चौऱ्यांशी वर्षे पुरी झाल्याच्या दुसऱ्या दिवशी, आल्वा मिर्डाल यांचे निधन झाले. पुढच्या वर्षी गुन्नारही गेले. थोरली मुलगी सिसेला अमेरिकेत तत्त्वज्ञानाची अभ्यासक म्हणून नावाजली. तिने आईचे चरित्र लिहिले. धाकट्या काईनेही आपल्या आठवणी लिहिल्या. वाचनालयाची पुस्तके ज्या घरात येऊ दिली जात नव्हती, त्या घरातल्या मुलीची ही तिन्ही मुले लेखक झाली, आणि तिघांनीही आईविषयी लिहिले.